वाळूची घड्याळं: सहाच्या संचात दोनच कामाची

शाळेच्या सामानात प्लास्टिकच्या चौकटीतली सहा रंगीत वाळूची घड्याळं एकत्र मिळतात: १, ३, ५, १०, १५ आणि ३० मिनिटांची. ४० मिनिटांच्या तासात प्रश्न विचारून पोरांना विचाराला वेळ द्यायचा, तर त्यातली ३ आणि ५ मिनिटांचीच उपयोगी. १ मिनिटाचं उलटलं की पोरांची शर्यत सुरू होते. ३० मिनिटांचं तर गुरुजींना राहिलेल्या पोर्शनची आठवण देत बसतं.

मोबाइलच्या टायमरपेक्षा हे बरं, कारण वाळू आवाज न करता संपते. "मलप्रभा नदी बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात कणकुंबीला उगम पावून पूर्वेला जाते, म्हादई त्याच तालुक्यातून गोव्यात उतरते, असं का?" यावर कुणी अडखळत "डोंगराचा उतार..." म्हणत असताना टायमर वाजला, तर ते वाक्य परत जुळत नाही.

वापर असा: प्रश्न फळ्यावर लिहा, एकदाच वाचा, ३ मिनिटांचं उलटा. हात वर करायचे नाहीत. वहीच्या मागच्या पानावर शब्द, नकाशा, काहीही. मग ५ मिनिटांचं, शेजाऱ्याशी बोलायला. घरी मराठी, गल्लीत कन्नड बोलणाऱ्या मुलांना शब्द सापडायला वेळ लागतो. कन्नड शब्द आला तर तोही फळ्यावर घ्या. पहिलं मिनिट वर्ग गप्प असतो. इथंच बहुतेक शिक्षक धीर सोडतात आणि प्रश्न सोपा करून परत विचारतात. मग पोरांना विचार करायला काही उरतच नाही. अमेरिकेतल्या शिक्षण-संशोधक मेरी बड रो यांनी १९७० च्या दशकात दाखवलं, की प्रश्नानंतर शिक्षक जेमतेम १ सेकंद थांबतात. ३ सेकंद थांबले तरी उत्तरं लांबतात. (३ सेकंदांना घड्याळ कशाला, हे खरं. पण शिक्षकाच्या हाताला काम मिळालं की तोंड मिटतं.)

घड्याळ टेबलावर वह्यांच्या आड ठेवा. पहिल्या बाकासमोर ठेवलं तर मलप्रभा राहते बाजूला, सगळे वाळू बघतात. आणि वाळू संपली तरी बोलणं रंगलं असेल तर तोडू नका.

आता दोष. सांधा सैल असलेल्या स्वस्त घड्याळात खानापूर तालुक्यातल्या जांबोटीकडच्या पावसात ओल शिरते, वाळूच्या गुठळ्या होऊन मानेत अडकतात. आत बंद काचेची नळी असलेलं घ्या. नुसत्या प्लास्टिकच्या नळीत कोरड्या हवेत वाळू कडेला चिकटते. दुकानातच सेकंदकाट्याशी ताडून पाहा: ५ मिनिटांत अर्धा मिनिट इकडेतिकडे चालेल, मध्येच थांबणारं मात्र नको. सुटी मिळत असतील तर संच घेऊ नका.