विजेच्या तारेसाठी तांबं की ॲल्युमिनियम?

वीज वाहून नेण्यात तांबं सरस आहे. ॲल्युमिनियमची वाहकता तांब्याच्या साधारण ६१ टक्के. तरीही शेतांवरून जाणाऱ्या उच्चदाबाच्या तारा ॲल्युमिनियमच्याच असतात, आणि ते योग्यच आहे. तांब्याची घनता दर घन सेंटिमीटरला ८.९६ ग्रॅम, ॲल्युमिनियमची २.७० ग्रॅम. त्यामुळे तेवढीच वीज नेणारी ॲल्युमिनियमची तार जाड घ्यावी लागली, तरी वजनाला जवळपास निम्मीच भरते. मनोऱ्यांवरचा भार कमी होतो, खर्चही वाचतो. ताण सोसायला मधे पोलादी तारांचा गाभा घालतात.

घरातलं वायरिंग मात्र तांब्याचंच करा. इथे वजनाचा प्रश्नच नाही, प्रश्न आहे जोडांचा. ॲल्युमिनियमवर हवेत लगेच ऑक्साइडचा पातळ थर चढतो आणि तो वीज अडवतो. शिवाय स्क्रूखाली दाबलेलं ॲल्युमिनियम हळूहळू सरकतं, तापून-निवून जोड सैल होतो, सैल जोड आणखी तापतो. आगी अशाच लागतात. तांबंही काळवंडतं, पण त्याचा जोड बराच काळ घट्ट राहतो आणि तार वारंवार वाकवली तरी सहज तुटत नाही. जुन्या घरात ॲल्युमिनियमची वायर असेल, तर तिला तांब्याची तार नुसता पीळ देऊन जोडू नका. दमट हवेत त्या जोडावर ॲल्युमिनियम झिजतं. दोन्ही धातूंसाठी बनवलेला कनेक्टरच वापरायला सांगा.