पट्टीवरची मींड: रिक वेकमनच्या सहा राण्या

पेटीवर मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, निघत नाही, हे मी आजवर इतक्या गाणाऱ्यांकडून ऐकून घेतलंय की आता त्याचं वाईटही वाटत नाही. त्यामुळे इंग्लिश कीबोर्डवादक रिक वेकमनचा ‘द सिक्स वाइव्ज ऑफ हेन्री द एट्थ’ हा अल्बम लावला तेव्हा माझा कान आधी मिनिमूग या सिंथेसायझरकडे गेला. पट्ट्या आमच्यासारख्याच, पण डाव्या हाताला एक चाक. ते फिरवलं की सूर घसरत घसरत पुढच्या सुराला भेटतो. हेवा वाटला. मात्र एका वेळी सूर एकच. दोन पट्ट्या दाबा, वाजणार एकच. जॅक वाइल्ड नावाच्या नटाला हे ठाऊक नव्हतं. वाद्य बिघडलंय असं समजून त्याने आपलं मिनिमूग वेकमनला स्वस्तात देऊन टाकलं, हा किस्सा वेकमन स्वतःच रंगवून सांगतो.

अल्बम जानेवारी १९७३चा. वेकमन तेव्हा ‘यस’ या रॉक बँडमध्ये होता, वय अवघं २३. इंग्लंडच्या आठव्या हेन्रीच्या सहा राण्यांवर सहा रचना, सगळ्या मिळून साडेछत्तीस मिनिटं, आणि गाण्याचा शब्द एकही नाही. आता खरं सांगतो, नावं झाकून ऐकवलंत तर कुठली रचना कुठल्या राणीची हे मला ओळखता येणार नाही. राण्यांचा क्रमही इतिहासाप्रमाणे लावलेला नाही. तेव्हा चरित्र शोधत बसू नका.

‘कॅथरीन ऑफ अ‍ॅरागॉन’ पावणेचार मिनिटांत उरकते आणि तेवढ्यात इतक्या चाली येऊन जातात की एकीशी ओळख होतेय तोवर दुसरी दारात उभी. ‘अ‍ॅन ऑफ क्लीव्ह्ज’ची तक्रार उलटी. अ‍ॅलन व्हाइटचे ड्रम सुटतात, त्यांच्यावर वेकमनची बोटं सुटतात, आणि जवळजवळ आठ मिनिटं समेवर यायला कोणी तयार नाही. तयारी अफाट आहे, मान्य. मी मात्र मधेच चहा टाकून आलो.

सगळे पैसे वसूल होतात ते ‘जेन सीमोर’मध्ये. लंडनच्या सेंट जाइल्स क्रिपलगेट चर्चमधला मोठा पाइप ऑर्गन इथे वाजवलाय. पेटीवाल्याला या वाद्याचं नातं सांगावं लागत नाही, दोन्ही हवेवर जगणारी. फरक इतकाच की माझा भाता हाताखाली असतो आणि याचं अख्खं घर श्वास घेतं. जलद ताना सुरू झाल्या की आधीचा सूर दगडी भिंतींत रेंगाळत असतानाच पुढचा येतो. कडा पुसट होतात, ओळ तुटत नाही. मग ड्रम येतात, आणि त्या घुमाऱ्यात ते थोडे उपरे वाटतात. मला एकटा ऑर्गन चालला असता.

‘कॅथरीन हॉवर्ड’मधला डेव्ह कझिन्सचा बँजो गोड आहे. ‘कॅथरीन पार’ नुसती पळते. राजाच्या मागे जिवंत राहिलेली राणी, पळणारच म्हणा!

कव्हर नीट बघा. मादाम तुसाँमध्ये मेणाच्या राण्यांसमोरून वेकमन चाललाय आणि मागे, पडदा नीट न ओढल्यामुळे, मेणाचे रिचर्ड निक्सन डोकावतायत.

‘अ‍ॅन बोलीन’बद्दल लिहायचं मी मुद्दाम शेवटी ठेवलं. १५३६च्या मे महिन्यात एका सकाळी तिचं डोकं उडवलं. इथे बराच वेळ वाद्यांची झटापट चालते आणि अखेरीस दिवस मावळतानाच्या एका इंग्रजी प्रार्थनेची चाल येते. ती प्रार्थना राणीनंतर तीनशेहून अधिक वर्षांनी लिहिलेली, त्यात संध्याकाळची. हिशेब कुठेच जुळत नाही, तरी मी दर वेळी तिथे हातातलं काम थांबवतो. तीन मात्रांची साधी चाल आहे. परवा पेटी काढून वाजवून पाहिली. दादऱ्यात छान बसली, आणि मींड कुठेच लागली नाही.