कॉम्प्युटर गेम करायला शिकायचंय: कुठलं पुस्तक विकत घ्यावं, कुठलं उसनं आणावं

गणेशचवथीला गोव्यात डिचोलीला बहिणीकडे गेलो होतो. आरती झाली, नेवऱ्यांचं ताट फिरलं आणि भाची मोबाइल घेऊन शेजारी येऊन बसली. अकरावीत आहे, शाळेत पायथन ही प्रोग्रॅमिंगची भाषा थोडीफार झालीय आणि आता तिला गेम करायचा आहे. चवथीला मिळालेल्या पैशांत एकच पुस्तक येणार होतं. तिने सात नावं काढून ठेवली होती आणि सातही पुस्तकांना साडेचारच्या आसपास स्टार. "मामा, यातलं कुठलं?"

मी म्हटलं, स्टार राहू दे, आधी साल बघ.

हे शहाणपण नव्हे, हा फटका आहे. आदल्या वर्षी मीच तिला गोडो या इंजिनावरचं, म्हणजे गेम करायच्या तयार सॉफ्टवेअरवरचं, एक पुस्तक जुन्या पुस्तकांतून आणून दिलं होतं. पुस्तकात खोट काहीच नव्हती, फक्त ते गोडो ३ च्या काळातलं होतं. तिने इंजिन उतरवून घेतलं ते अर्थातच ताजं, गोडो ४. पुस्तक सांगतं, खेळाडूसाठी 'कायनेमॅटिकबॉडी टूडी' घ्या. नव्या इंजिनात त्या नावाचं काही नाहीच, ते आता 'कॅरेक्टरबॉडी टूडी' झालंय. 'मूव्ह अँड स्लाइड' ला पूर्वी कंसात वेग द्यावा लागे, आता वेग आधीच ठरवून ठेवायचा आणि कंस रिकामा सोडायचा. 'एक्स्पोर्ट' च्या आधी ॲटचं चिन्ह लागतं, 'यील्ड' जाऊन 'अवेट' आलं. पोरीने एकेक ओळ पुस्तकात बघून टाइप केली आणि एकेक ओळ लाल झाली. दोन दिवसांनी फोन: "मामा, पुस्तक चुकलंय की मी?" दोघंही बरोबर होती. चुकलो होतो मी. गोडो ४ मार्च २०२३ मध्ये आलं. त्याआधीचं गोडोचं पुस्तक नवख्याच्या हातात देऊच नये. जाणत्याला ते चालतं, कारण काय बदललंय ते त्याला ओळखता येतं.

इंजिनावरचं पुस्तक बांगड्यासारखं असतं, ताजं असेल तोवरच त्याची मजा. प्रोग्रॅमिंगचा पाया शिकवणारं पुस्तक सुक्या सुंगटांसारखं (सुक्या कोळंबीसारखं), ते दहा पावसाळे काढतं. भाचीच्या यादीत दोन्ही जातीची पुस्तकं एकाच रांगेत बसली होती. निवडताना घोळ होतो तो तिथेच.

पायथनची जोडी

थोडं पायथन येतं, म्हणून पहिली तुलना इथली. एकीकडे अल स्वायगार्टचं 'इन्व्हेंट युवर ओन कॉम्प्युटर गेम्स विथ पायथन', दुसरीकडे एरिक मॅथेसचं 'पायथन क्रॅश कोर्स'.

स्वायगार्टच्या पुस्तकाचा मोठा गुण म्हणजे ते त्याच्या संकेतस्थळावर पूर्ण, फुकट आणि रीतसर वाचता येतं. त्याची पद्धत सरळ आहे: आधी अख्खा प्रोग्रॅम समोर ठेवायचा, तो टाइप करून चालवायला लावायचा, मग एकेक ओळ सोडवायची. आकडा ओळखा, हँगमन, फुल्ली-गोळा अशा खेळांतून व्हेरिएबल, लूप, फंक्शन एकेक करून येतात. इंग्रजी इतकं सोपं आहे की आपल्याकडे चौथीपर्यंत मराठीतून शिकून पाचवीला इंग्रजीत गेलेल्या मुलालाही ते जड जात नाही. पण ज्याला 'गेम' म्हटल्यावर स्क्रीनवर काहीतरी धावताना दिसतं, त्याने एक गोष्ट आधीच जाणून घ्यावी. चौथ्या आवृत्तीत एकवीस प्रकरणं आहेत आणि रंगीत खिडकी उघडते ती सतराव्या प्रकरणात. तोवर सगळा कारभार काळ्या पडद्यावर अक्षरांचा. आठवी-नववीतलं मूल हँगमनवर खूश असतं. अकरावीतली मुलगी तिसऱ्या प्रकरणात जांभई देते, हे मी समोर पाहिलंय.

मॅथेसचं पुस्तक मुळात गेमचं नाहीच. पहिली अकरा प्रकरणं निव्वळ पायथनची, नंतर तीन मोठे प्रकल्प, त्यातला पहिला 'एलियन इन्व्हेजन'. खाली जहाज, वरून परग्रहवासी, मधे गोळ्या. बारावं ते चौदावं, अशी तीनच प्रकरणं गेमला दिली आहेत. तरीही ज्याला थोडं पायथन येतं त्याला मी हेच आधी सुचवतो. कारण ही तीन प्रकरणं एकाच गेमवर खर्ची पडतात आणि तो गेम वाढत जातो. जहाज हललं, मग गोळी सुटली, मग शत्रूंची रांग, मग गुण, मग प्ले बटण. कोड मोठा झाला की तो वेगवेगळ्या फायलींत कसा वाटायचा, फंक्शन फुगलं की ते कसं तोडायचं, हेही मधेमधे थांबून दाखवलंय. बहुतेक गेम-पुस्तकं ही घरझाड करतच नाहीत. वर शेवटचे दोन प्रकल्प आलेख काढायचे आणि वेबसाइट करायचे असल्यामुळे गेमचं वेड महिन्याभरात ओसरलं तरी पैसे वाया जात नाहीत. आई-बाबांना पटवायला हा मुद्दा फार उपयोगी पडतो. घ्यायची ती तिसरी आवृत्ती, २०२३ ची.

दोन्ही पुस्तकांना पायगेम लागतं, म्हणजे पायथनमध्ये गेम करायची जोडसामग्री. पायथन अगदी काल आलेलं उतरवू नका, एक पायरी मागचं घ्या. नव्यावर पायगेम बसताना कधीकधी कुरकुर करतं आणि नवख्याला वाटतं आपल्याच लॅपटॉपमध्ये काहीतरी बिघडलंय.

इंजिन घ्यायचं तर

युनिटी या दुसऱ्या इंजिनासाठी भाचीच्या यादीत दोन नावं होती. जेरेमी गिब्सन बाँडचं 'इंट्रोडक्शन टू गेम डिझाइन, प्रोटोटायपिंग अँड डेव्हलपमेंट' हे हजाराच्या वर पानांचं धूड आहे. त्याचा पहिला भाग गेम मुळात रंगतो कशामुळे यावर आणि कागदावर नमुना कसा करायचा यावर, दुसरा सी शार्प या प्रोग्रॅमिंगच्या भाषेवर आणि तिसऱ्यात प्रत्यक्ष गेम. त्यातला 'ॲपल पिकर' म्हणजे वरून पडणारी सफरचंदं टोपलीत झेलायची. कागदावरच्या नमुन्याचा भाग लोक उलटून पुढे जातात, मला तोच सगळ्यात आवडतो. पत्त्यांचा नाहीतर सोंगट्यांचा खेळ घेऊन त्यातला एकच नियम बदलायचा आणि भावंडांना खेळायला बसवायचं. वीज गेलेल्या संध्याकाळीही हा अभ्यास चालतो, आणि जूनमध्ये सत्तरी तालुक्यात राहणाऱ्याला त्याचं मोल कळेल.

जो हॉकिंगचं 'युनिटी इन ॲक्शन' त्याच्या अगदी उलट. लेखक धरूनच चालतो की तुम्हाला प्रोग्रॅमिंग येतं, फक्त युनिटी नवी आहे. तो लगेच त्रिमितीत चालून गोळ्या झाडायचा नमुना उभा करतो. नोकरी करणाऱ्या, जावा किंवा सी शार्प येणाऱ्या माणसाला हे पुस्तक थेट कामाला लागतं. अकरावीच्या मुलीला ते कोड उतरवायला लावेल, शिकवणार नाही. दोन्हींची तिसरी आवृत्ती २०२२ ची आहे, म्हणजे बांगडा शिळा होऊ लागलाय. युनिटी ६ मध्ये रिजिडबॉडीच्या 'व्हेलॉसिटी' चं नाव बदलून 'लिनिअर व्हेलॉसिटी' झालं, तशा लहानसहान ठेचा लागतील. पुस्तकात जी युनिटी वापरली आहे तीच आवृत्ती युनिटी हबमधून (युनिटीच्या आवृत्त्या उतरवायच्या प्रोग्रॅममधून) उतरवली की बराच ताप वाचतो. दुसरी कुठलीही युक्ती त्याहून सोपी नाही.

युनिटीबद्दल आणखी एक. सप्टेंबर २०२३ मध्ये त्यांनी गेम जितक्या वेळा इन्स्टॉल होईल त्यावर शुल्क जाहीर केलं, जगभर बोंब झाली आणि वर्षभराने ते मागे घेतलं. शिकणाऱ्याला त्याची झळ बसणार नव्हतीच, पण त्या वर्षी पुष्कळ लोक गोडोकडे वळले. गोडो पूर्णपणे खुलं आहे, एमआयटी परवान्याचं, उतरवायला हलकं आणि जुन्या लॅपटॉपवरही बऱ्यापैकी चालतं. गोडोसाठी मात्र मी पुस्तकाआधी त्यांचं अधिकृत मार्गदर्शनच वाचायला सांगतो. त्यातला 'डॉज द क्रीप्स' हा पहिला गेम दोन सुट्ट्यांत होतो. त्यानंतरही छापील हवंच असेल तर ख्रिस ब्रॅडफील्डचं, पण २०२३ ची दुसरी आवृत्ती, ज्याच्या नावातच गोडो ४ आहे. २०१८ ची पहिली आवृत्ती स्वस्तात मिळाली तर मला आठवा.

इंजिनाच्या पोटात

उरली तीन नावं: रॉबर्ट निस्ट्रमचं 'गेम प्रोग्रॅमिंग पॅटर्न्स', संजय माधवचं 'गेम प्रोग्रॅमिंग इन सी प्लस प्लस' आणि जेसन ग्रेगरीचं 'गेम इंजिन आर्किटेक्चर'.

ग्रेगरीचा ठोकळा बाराशेहून जास्त पानांचा आहे. लेखक नॉटी डॉगसारख्या स्टुडिओत काम केलेला. मेमरी, ॲनिमेशन, टक्कर, आवाज, सगळं त्यात आहे. पण तो ग्रंथ एका बैठकीत वाचायचा नाही, अडलं की उघडायचा. महागही आहे. इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला याच दिशेने जायचं पक्कं झालं तरच घ्या.

माधवचं पुस्तक २०१८ चं. पहिल्याच प्रकरणात एसडीएल (खिडकी, चित्र, बटणं हाताळायची लायब्ररी) वापरून 'पाँग' सारखा चेंडू-फळीचा गेम करायला लावतं आणि पुढे ओपनजीएल या चित्र काढायच्या व्यवस्थेतून त्रिमितीत नेतं. सी प्लस प्लस ही भाषा आधी यायला हवी. ज्याला पॉइंटर, म्हणजे मेमरीतल्या जागेचा पत्ता, म्हटल्यावर घाम फुटत नाही त्याच्यासाठी हे उत्तम, आणि ग्रेगरीच्या आधी वाचावं असं.

निस्ट्रमचं २०१४ चं. त्याची उदाहरणंही सी प्लस प्लसमध्येच आहेत, तरी ती भाषा न येणाऱ्यानेसुद्धा वाचावं असं हे एकच. तेही संकेतस्थळावर पूर्ण फुकट आहे. भाचीच्या घरी ते कसं उपयोगी पडलं ते सांगतो.

तिने मॅथेस घेतलं. परग्रहवासी बाजूला सारून तिने माटोळी केली, गणपतीच्या वर फळं-भाज्या टांगतात ती: वरून तोरिंजन, काकडी, सुपारीचा घड, नारळ सुटतो आणि खाली पाट सरकवून झेलायचं. फळांचे फोटो मोबाइलवर काढलेले, आहेत तेवढेच मोठे. तिच्या जुन्या लॅपटॉपवर गेम झकास चालला. दिवाळीत आतेभाऊ आपला गेमिंगचा लॅपटॉप घेऊन आला तर त्याच्यावर नारळ डोळ्याला दिसायच्या आत खाली. कोड तोच, फाइल तीच.

कारण गमतीचं होतं. नारळ प्रत्येक फ्रेमला, म्हणजे पडद्यावर चित्र नव्याने उमटेल त्या प्रत्येक वेळी, ५ पिक्सेल खाली सरकत होता. कोडमध्ये सेकंदाला ६० फ्रेमची मर्यादा होती, पण तो मोठा फोटो ती दर फ्रेमला नव्याने लहान करत होती. तिचा लॅपटॉप त्यात दमून जेमतेम ३० फ्रेम काढायचा. म्हणजे सेकंदाला १५० पिक्सेल, आणि तिने वेग डोळ्याने जुळवला तो त्यावरच. दणकट लॅपटॉपने पूर्ण ६० फ्रेम काढल्या, नारळ ३०० पिक्सेलने सुटला.

तेव्हा तिला मी निस्ट्रमचं गेम लूपवरचं, म्हणजे गेम चालू असेतोवर पुन्हा पुन्हा फिरणाऱ्या कोडवरचं, प्रकरण उघडून दिलं. आधी तोंडी सांगितलं: चोडण बेटाची फेरीबोट बघ. कोणी चढो न चढो, ती या काठावरून त्या काठाला जातच असते. गेमचा लूपही तसाच, कोणी बटण दाबो न दाबो, तो फिरतच राहतो. पण भरतीच्या पाण्यात एक खेप लांबली, म्हणून घड्याळ काही हळू चालत नाही. तसं मागच्या फेरीला किती वेळ लागला तो मोजायचा आणि नारळ त्या हिशेबाने सरकवायचा. प्रकरणात हे पायरी-पायरीने येतं: आधी बेलगाम लूप, मग झोप घेणारा, मग वेळ मोजणारा, मग ठरावीक टप्प्यांनी पुढे जाणारा, आणि प्रत्येकात कुठे काय बिघडतं तेही. तिला सी प्लस प्लस येत नाही, तरी अर्ध्या तासात तिने आपल्या पायथनमध्ये बदल केला. फोटो सुरुवातीलाच एकदा लहान करून ठेवला तेव्हा जुना लॅपटॉपही ६० ला पोचला.

म्हणून माझा हिशेब असा: हातात गेम नसताना निस्ट्रम वाचलं तर ते नुसतं विद्वत्तेचं वाटतं. एक गेम करून तो कुठेतरी अडला की तेच पुस्तक सोन्याचं.

विकत घेण्याआधी पणजीला पाटोवरच्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात एक खेप मारा. १८३२ पासूनची संस्था आहे. जाडजूड पुस्तकाची चार पानं तिथे बसून वाचली की आपल्याला झेपेल की नाही ते कळतं. पान उलटून साल मात्र तिथेही बघा.

भाचीचा गेम आता दोन्ही लॅपटॉपवर सारखा चालतो. बहिणीची तक्रार वेगळीच आहे. माटोळीतलं फळ विसर्जनाआधी खाली पडलेलं तिला गेममध्येसुद्धा चालत नाही.