बाटल्यांचं फ्लीस जॅकेट, दोन थंड्या वापरून झाल्यावर

मागच्या वर्षी दिवाळीनंतर हे फ्लीस ऑनलाइन मागवलं, २४०० ला पडलं. टॅगवर लिहिलेलं की जुन्या पेट (प्लास्टिकच्या पाण्याच्या) बाटल्यांच्या पॉलिस्टरचं आहे. कंपनीचं नाव मुद्दाम देत नाहीये, पुढे तक्रार आहे.

ऊब मस्त आहे, त्यात वादच नाही. डिसेंबरात पाचनईतून हरिश्चंद्रगड केला, कोकणकड्याजवळ टेंट लावला, रात्री नुसतं फ्लीस घालून बाहेर आलो तर वारा आरपार, वरून विंडचीटर चढवलं तेव्हा कुठे जिवात जीव आला. फ्लीस वारा अडवत नाही हे विकणारे सांगत नाहीत. पण सकाळी दवाने बाही चिंब झालेली ती उन्हात बघता बघता वाळली आणि कॉटनची हुडी घालून आलेला आमचा एक शहाणा दुपारपर्यंत कुडकुडत होता. शेकोटीपासून मात्र लांब बसा, एक ठिणगी उडाली आणि खिशाजवळ मसुराएवढं भोक पडलं, कडा वितळून टणक झाल्यात, शेवटी प्लास्टिकच ते.

बाटल्यांचं कौतुक नवीन नाहीये तसं. पॅटागोनिया ही अमेरिकन कपड्यांची कंपनी १९९३ पासून बाटल्यांचं फ्लीस करतेय, आपल्याकडे २०२३ मध्ये मोदी संसदेत बाटल्यांच्या कापडाचं निळं जॅकेट घालून आले तेव्हा बऱ्याच जणांना पहिल्यांदा कळलं. बाटल्या धुवून तुकडे करतात, वितळवून धागा काढतात, नवीन पॉलिस्टरपेक्षा यात ऊर्जा कमी जाते हे खरंय. पण बाटलीची परत बाटली होऊ शकते, जॅकेटचं परत जॅकेट सहसा होत नाही. शिवाय धुताना बारीक तंतू सुटतात ते गटारात जातात, म्हणून मी थंड पाण्यात आणि तेही दोन-तीन ट्रेकनंतरच धुतो (आईला हे अजिबात पटत नाही, तिच्या मते जॅकेटला वास येतो, आणि येतोच). घेताना नुसत्या हिरव्या टॅगवर जाऊ नका, जीआरएसचा (ग्लोबल रीसायकल्ड स्टँडर्ड, रीसायकल्ड मालाचं प्रमाणपत्र) लोगो बघा, तो लावायला निदान ५० टक्के माल रीसायकल्ड लागतो.

आता तक्रार. यंदा चेन अडकायला लागली. कंपनीला मेल केला, उत्तर काय तर आम्ही रिपेअर करत नाही, नवीन पीसवर २० टक्के सूट देतो! म्हणजे पृथ्वी वाचवायची म्हणून घेतलेलं जॅकेट एका रनरपायी टाकून द्यायचं? स्टेशनजवळ बॅगा शिवणाऱ्या काकांकडे नेलं, त्यांनी पक्कडीने जुना रनर तोडला, डब्यातून नवीन शोधला, दात जुळवले, वर मेण घासलं, चाळीस रुपये. भोकावर आतून ठिगळ लावू का विचारलं तर मी म्हटलं राहू दे, आता मला आवडायला लागलंय ते.

साइज एक नंबर मोठी घ्या, आत टीशर्ट घातला की काखेत दाटतं.