ग्लो पावडर रिव्ह्यू: काल्पनिक जगासाठी जादूचा रंग हवा असेल तर हाच घ्या

चित्रांमधून एक काल्पनिक संस्कृती उभी करतेय, डोंगराच्या पोटात राहणारे लोक, त्यांचे मुखवटे, भिंतीवरची चित्रं, नकाशे, आणि त्यांच्याकडे जादूचा रंग असणार हे पहिल्यापासून नक्की होतं. म्हणून अंधारात चमकणारी पावडर आणली, आता बरीच वापरून झालीये, तर हा रिव्ह्यू.

आधी घेताना काय बघायचं ते. बाजारात दोन जातीच्या पावडरी मिळतात. जुनी झिंक सल्फाइडची, ती थोडा वेळ चमकते आणि विझते. दुसरी स्ट्राँशियम ॲल्युमिनेटची, त्यात युरोपियम आणि डिस्प्रोसियम ही मूलद्रव्यं अगदी थोडी घातलेली असतात, ही 1990 च्या दशकात जपानमध्ये आली आणि हिचा उजेड कित्येक तास टिकतो. डब्यावर नुसतं 'ग्लो' लिहिलं असेल तर विकणाऱ्याला विचारा की आत नक्की काय आहे, सांगता आलं नाही तर घेऊ नका. रंगात हिरवा सगळ्यात चांगला, निळसर हिरवा दोन नंबर. लाल अजिबात नको, लवकर मावळतो आणि अंधारात आपल्या डोळ्याला लाल तसाही नीट दिसत नाही. कमी उजेडात डोळा साधारण 507 नॅनोमीटर तरंगलांबीच्या उजेडाला सगळ्यात तिखट असतो, म्हणजे निळसर हिरव्याला, आणि ही हिरवी पावडर 520 च्या आसपास चमकते, म्हणून तीच उठून दिसते.

वापरायला थोडी हट्टी आहे. दाणा जाड तेवढा उजेड जास्त, म्हणून गुळगुळीत व्हावी म्हणून खलात घोटत बसू नका, स्फटिक फुटले की चमक गेली. दाणे कडक असतात त्यामुळे स्टीलच्या पात्याने जोरात ढवळलं तर धातू घासून रंग करडा पडतो, लाकडाची काडी किंवा प्लास्टिक घ्या. पाण्यातल्या मीडियममध्ये (म्हणजे रंग कालवायच्या द्रवात) टाकायची असेल तर दाण्यांवर कोटिंग केलेलीच मागा, कारण कोरी पावडर पाण्यात हळूहळू खराब होते. खाली पांढरा बेस पाहिजेच, काळ्यावर डायरेक्ट लावली तर अर्धा उजेड खालीच गिळला जातो. दुसरे रंग तिच्यात मिसळायचे नाहीत, हवंच असेल तर वरून पारदर्शक पातळ थर द्या. जड असल्याने तळाला बसते, काम करताना सारखं ढवळत राहायचं. आणि कोरडी पावडर उडते, मास्क लावा.

पण मला ही एवढी आवडली ती वेगळ्याच कारणाने. काल्पनिक जगातली जादू बहुतेक वेळा फुकट असते, रंग लावला की चमकतो, कुठून येतो का चमकतो कुणी विचारत नाही, आणि मग त्या रंगाभोवती संस्कृती काही उभी राहत नाही. ही पावडर मात्र उजेड बनवत नाही, घेतलेला परत देते. ऊन पडलं की आतले इलेक्ट्रॉन जास्त ऊर्जेच्या पातळीवर ढकलले जातात, काही स्फटिकातल्या खाचांमध्ये अडकतात आणि मग साध्या उबेने हळूहळू सुटतात, सुटताना उजेड पडतो. एवढ्या एका नियमातून माझ्या लोकांचा सगळा दिनक्रम आपोआप लिहिला गेला. मशालीच्या पिवळ्या उजेडात निळा भाग कमी, त्यामुळे तिच्यावर पावडर फारशी भरत नाही, म्हणजे उजेड साठवत नाही, ऊनच लागतं, म्हणजे मुखवटे रोज गुहेच्या तोंडाशी न्यावे लागणार, मग गुहेचं तोंड ज्या घराण्याच्या ताब्यात त्यांच्या हातात सगळ्यांचा उजेड. त्यांचं राजकारण मला वेगळं रचावंच लागलं नाही.

ऊब जास्त मिळाली की चमक वाढते पण साठा लवकर संपतो, थंडीत मंद होते पण टिकते. म्हणून त्यांच्याकडे मोठ्या सणाला भिंतीमागे शेकोटी पेटवतात आणि चित्र एकदम तेजाळतं, उरलेली रात्र मग अंधारात काढायची, ही किंमत सगळ्यांना माहिती असते. अंत्यविधीचे मुखवटे उलट थंड खोलीत ठेवतात.

मला सगळ्यात भारी वाटलेली गोष्ट म्हणजे डोळ्यांचा वेळ. सुरुवातीच्या काही मिनिटांतच बरीचशी चमक उतरते आणि मागे एक लांब मंद शेपूट उरतं, आणि उन्हातून आत आलेल्या डोळ्याला अंधाराची नीट सवय व्हायला वीस ते तीस मिनिटं लागतात. म्हणजे बाहेरून आलेला परका माणूस भिंतीसमोर उभा राहून म्हणणार इथे काहीच नाही, आणि शेजारी बसलेली म्हातारी तीच भिंत वाचत असणार. हे खोलीत करून बघा, खरंच असं होतं. पावडर दिवसा जवळजवळ पांढरी दिसते, पांढऱ्या बेसवर लिहिलं तर अक्षर सापडतच नाही, त्यामुळे दिवसाचं चित्र वेगळं आणि रात्रीचं वेगळं असं एकाच पाटीवर करता येतं.

हे सगळं नवीन वाटतं पण माणसाला ही ओढ जुनी आहे. 1602-03 च्या सुमारास इटलीत बोलोन्याजवळ विन्चेन्झो काशारोलो नावाच्या मोच्याने, त्याला किमयेचा नाद होता, डोंगरातला एक जड दगड भाजला तर तो उन्हात ठेवल्यावर अंधारात चमकायला लागला. तो बॅराइट, म्हणजे बेरियमचं एक खनिज होता. सोनं काही निघालं नाही, पण दगड सूर्य पितो की काय यावर तिथल्या विद्वानांचा वाद बराच काळ चालला. माझ्या गोष्टीतल्या किमयागारांची भांडणं मी तिथूनच उचलली.

आणि नाही, ही किरणोत्सर्गी नाही. लोक घाबरतात ते रेडियम या किरणोत्सर्गी धातूच्या चमकत्या रंगाच्या आठवणीने, अमेरिकेत घड्याळाच्या तबकड्या रंगवणाऱ्या मुली ब्रशचं टोक ओठांनी नीट करायच्या आणि त्याने भयंकर आजारी पडल्या. तो रंग वेगळा, पण ब्रश तोंडात घालायची सवय असेल तर कुठल्याही रंगासाठी सोडाच.

काम करताना साधा लाल दिवा लावा, लाल उजेडात पावडर भरत नाही, त्यामुळे कुठे थर पातळ राहिलाय ते मंद चमकीत लगेच कळतं. भरायला ऊन नसेल तर यूव्ही (अतिनील किरणांची) टॉर्च पटकन काम करते. फक्त वरून वार्निश मारताना यूव्ही अडवणारं घेऊ नका, चित्रं जपायची म्हणून आपण नेहमी तेच उचलतो पण इथे ते पावडरीचं बरंचसं खाणं तोडतं, साधं पारदर्शक घ्या.