वडशाहून आणलेला पडदा

गडचिरोली जिल्ह्यात वडशाला स्टेशनजवळ साऊंड आणि पडद्याचं एक जुनं दुकान आहे. झाडीपट्टीच्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या, नाटकांना माईक-लाइट पुरवणारं. मोहाच्या हंगामात मी तिथून तीनदा प्रोजेक्टरचा सेट नेला, कुरखेडा तालुक्यातल्या एका गावात. ज्यांना गावात शूटिंग करून गावातच दाखवायचं आहे, त्यांच्यासाठी हा अनुभव.

दिवसाचे 1,800 रुपये. त्यात प्रोजेक्टर, आठ बाय सहाचा पडदा, दोन स्पीकर आणि सोबत एक पोरगा. जनरेटरचे 600 वेगळे, पेट्रोल आपलं.

मोहफुलं वेचण्यावरच्या माझ्या फिल्मला परवानगी देताना ग्रामसभेनं एकच अट घातली होती: जे काढाल ते आधी आम्हाला दाखवा. ती मला मनापासून पटली. ब्राझीलमध्ये फिल्मकार व्हिन्सेंट कारेलींनी 1986-87 च्या सुमारास हेच केलं होतं. तिथल्या नांबिक्वारा आदिवासींमध्ये मुलगी वयात आली की होणारा विधी त्यांनी चित्रित केला आणि तिथल्या तिथे त्यांनाच दाखवला. अंगावर कपडे फार दिसतात म्हणून लोक नाराज झाले. पुढच्या खेपेला त्यांनी अंगभर रंग लावून विधी केला, आणि वीस वर्षांहून जास्त काळ बंद असलेलं नाक-ओठ टोचणंही पुन्हा केलं. पुढे या कामातून आदिवासींच्याच हातात कॅमेरे गेले.

आमचा पहिला शो समाजमंदिरापुढच्या अंगणात झाला. मोहफुलं वेचणारी बोटं पडद्यावर आली तशी एक आजी उठून थेट पडद्यापाशी गेली. तिची सावली फुलांवर पडली. "इतका ऊन काहून आहे? आमी त अंधारातच जातो ना बाई. एवढ्या वेळपावतर गुरं ठेवते का काई?"

खरं होतं. उजेड बरा मिळावा म्हणून बायकांना नऊ वाजता मीच बोलावलं होतं. त्यांनी माझ्यासाठी फुलं वेचल्यासारखं केलं आणि मी ते खरं म्हणून काढलं. मला फार लागलं ते.

मग पहाटे चारला गेलो. कॅमेरा आजीच्या नातवाकडे दिला, कारण माझ्यासमोर ती अवघडायची. दुसऱ्या शोला पडद्यावर जवळजवळ काहीच नव्हतं; टॉर्चचा एक गोळा, त्यात आजीचा हात, आणि टोपलीत फूल पडल्याचा मऊ आवाज. तो आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला. स्पीकरला पूर्ण गुण मी तिथेच दिले. जनरेटरची घरघर नको म्हणून त्या पोरानं लांब वायर टाकून तो शाळेच्या भिंतीमागे नेला होता, मी न सांगता. अंधाराचं दृश्य मात्र या प्रोजेक्टरवर राखाडी दिसतं. समोरचा खांबावरचा दिवा बंद केल्यावर जरा सुधारलं.

तक्रारी दोन. एचडीएमआय केबल दीड मीटरची, त्यामुळे लॅपटॉप घेऊन लोकांच्या मधोमध बसावं लागलं. आणि पहिल्या वेळी चारची वेळ देऊन गाडी साडेसहाला आली. दिवाळीनंतर नाटकांचा सीझन लागला की सेट मिळतच नाही, तेव्हा महिनाभर आधी सांगून ठेवा. मे महिन्यात सेट मोकळा असतो, पण तेंदूपत्ता सुरू झाला की गावात बघायला कोणी नसतं.

चौथ्या शोचं बुकिंग नातवानं स्वतः फोन करून केलं. लांब केबल आणा, हेही त्यानंच बजावलं.