मूळ रीळ जपावं की स्कॅन करावं?

जुन्या फिल्मचा डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला, की समजायचं, फिल्मचा ॲसिटेट या प्लास्टिकचा पाया कुजायला लागलाय. त्यातून सुटणारं आम्ल कुजणं आणखी वाढवतं. रीळ आक्रसतं, कडेची छिद्रं स्प्रॉकेटवर, म्हणजे फिल्म ओढणाऱ्या दातेरी चाकावर, बसेनाशी होतात.

थंड, कोरड्या खोलीत ठेवलं तर हा बिघाड थांबत नाही, पण फार मंदावतो. रंगही उशिरा उडतात. शिवाय रीळ वाचायला कुठलं सॉफ्टवेअर लागत नाही, उजेडासमोर धरलं की चित्र दिसतं. अडचण एकच: ते कुणाला सहज दाखवता येत नाही.

स्कॅनचं उलट. दाखवणं सोपं, सांभाळणं कटकटीचं. 4के, म्हणजे सुमारे चार हजार पिक्सेल रुंद स्कॅनची एक फ्रेम साधारण 50 एमबी. सेकंदाला 24 फ्रेम धरल्या, तर दीड तासाचे होतात सहा-साडेसहा टीबी! एलटीओ टेपवर, म्हणजे डेटा साठवायच्या चुंबकीय टेपवर, टाकून निर्धास्त झालात? एलटीओ-8 चा ड्राइव्ह दोनच पिढ्या जुनी एलटीओ-6 ची टेप वाचतच नाही. म्हणजे दर काही वर्षांनी सगळं नव्या टेपवर उतरवणं आलं.

दुरुस्ती मात्र स्कॅनवरच करावी, तीही हात राखून. धूळ पुसणारं सॉफ्टवेअर मोकाट सोडलं तर पडद्यावरचा पाऊसही पुसून टाकतं.

वास येत असेल तर आधी स्कॅन, आणि तेही लवकर. येत नसेल तर मी पहिला पैसा थंड खोलीवर घालेन. स्कॅन झालं म्हणून रीळ फेकू मात्र नका. उद्याचा स्कॅनर त्याच फ्रेममधून आणखी तपशील काढू शकेल.